मृगातील हिरवी रेघ

नाताळच्या मध्यरात्रीची मिस्सा आटोपून आपण घराकडे निघतो, तेव्हा मुले पेंगुळलेली असतात, थोरांच्या हातांत विजेऱ्या असतात, आणि सर्वांचे लक्ष पायांखालच्या वाटेकडे लागलेले असते. त्या वेळी क्षणभर थांबून वर पाहिले, तर डोक्यावर, किंचित पश्चिमेकडे कललेले, मृग नक्षत्र दिसते. शेतकऱ्याच्या घरात मृग कोणाला ठाऊक नाही? जूनच्या पहिल्या आठवड्यात सूर्य ह्याच नक्षत्रात शिरला म्हणजे आपल्याकडे पेरणीची घाई उडते. चार पायांचे चार तारे, पोटात रुतलेला तीन ताऱ्यांचा बाण, आणि तो बाण मारणारा व्याध जवळच लखलखत असलेला, हे चित्र आमच्या आजोबा-पणजोबांनीही पाहिले होते. परंतु बाणाच्या दक्षिणेस तीन मंद ताऱ्यांची आणखी एक लहानशी ओळ आहे, तिकडे फारसे कोणी पाहत नाही. त्या ओळीतील मधला तारा निरखून पाहिला, तर तो ताऱ्यासारखा वाटतच नाही. काचेवर श्वास सोडावा आणि त्यातून दिवा पाहावा, तसा तो धुरकट दिसतो.

हा धुरकट ठिपका म्हणजे नेमके काय, हे उमगण्यास माणसाला तीनशेहून अधिक वर्षे लागली. त्या शोधाचा इतिहास बहुधा पॅरिस, लंडन आणि अमेरिका ह्यांच्या नावाने सांगितला जातो. आम्हाला मात्र आज त्यातील दोन प्रसंग मुद्दाम सांगावयाचे आहेत. एक घडला आपल्या जमखंडीस आणि दुसरा पुण्यास. त्यांचा उलगडा ज्या किल्लीने होतो, ती किल्ली तर आपल्या उद्यमबागेत रोज फिरविली जाते.

खानापूर रस्त्यावरील उद्यमबाग आमच्या वाचकांना नवी नाही. मच्छे, पिरनवाडी, मजगाव, येळ्ळूर अशा गावांतील कित्येक घरांची चूल तेथील कारखान्यांवर पेटते. तेथील एका फाउंड्रीत काम करणाऱ्या, आमच्या परिचयाच्या एका तरुणाने आम्हाला एकदा ओतकाम पाहण्यास नेले. लोखंडाचा रस भट्टीतून मोठ्या पात्रात उतरविला गेला. त्यात मॅग्नेशियमयुक्त मिश्रधातू पडताच असा काही शुभ्र, डोळे दिपविणारा झोत उठला की आम्ही नकळत मागे सरलो. ठिसूळ बीड लवचिक व्हावे म्हणून हे मॅग्नेशियम घालावे लागते. लोखंडात ते उरते किती, तर शेकडा ०·०४ च्या आसपास! एवढे अल्प प्रमाण बरोबर साधले की नाही, हे कसे समजते? त्या तरुणाने रसाची एक लहानशी चकती ओतून घेतली, ती घासून एका यंत्राखाली ठेवली, आणि कळ दाबली. कडकड आवाज करीत एक विजेची ठिणगी चकतीवर पडली. मिनिटभरात समोरच्या पडद्यावर कार्बन किती, सिलिकॉन किती, मॅंगनीज किती, मॅग्नेशियम किती, ह्याचे आकडे उमटले.

यंत्राने धातूस हातही लावला नव्हता. त्याने केवळ ठिणगीचा प्रकाश वाचला होता. प्रकाश लोलकातून नेला असता इंद्रधनुष्यासारखा रंगीत पट्टा उमटतो, हे आपण शाळेत शिकलो. ह्या पट्ट्यास वर्णपट म्हणतात. तापून पांढऱ्या झालेल्या घन पदार्थाचा वर्णपट सलग असतो. पण विरळ, तप्त वायूच्या प्रकाशात सलग पट्टा नसतोच, काळ्या पार्श्वभूमीवर काही सुट्या चकाकत्या रेघा तेवढ्या असतात. सोडियमच्या रेघा सोडियमच्याच, लोखंडाच्या लोखंडाच्याच. सरकारी कागदावर आपण अंगठ्याचा ठसा उमटवितो, तो जसा दुसऱ्या कोणाचा असत नाही, तशाच ह्या रेघा. जर्मनीत किर्खोफ आणि बुन्सेन ह्या दोघा शास्त्रज्ञांनी १८५९ च्या सुमारास ही गोष्ट पक्की केली. जो पदार्थ हाती लागत नाही, परंतु ज्याचा प्रकाश आपल्यापर्यंत पोहोचतो, त्याची ओळख पटविण्याचा मार्ग त्या दिवसापासून खुला झाला.

तत्पूर्वी मोठमोठ्या दुर्बिणी होत्या, पण त्यांच्याने हे कोडे सुटले नव्हते. मृगातील हा ठिपका दुर्बिणीतून प्रथम १६१० मध्ये पेरेस्क नावाच्या फ्रेंच गृहस्थाने पाहिला. त्यानंतर लवकरच योहान सिझाट ह्या स्विस येशूसंघीय धर्मगुरूंनीही तो स्वतंत्रपणे पाहिला. १६१८ च्या धूमकेतूचे वर्णन करताना त्यांनी त्याची तुलना ह्याच ठिपक्याशी केली आहे. पुढे पॅरिसच्या शार्ल मेस्येने अशा धूसर ठिपक्यांची यादी केली. बिचाऱ्यास हवे होते धूमकेतू, आणि हे स्थिर ठिपके त्यास वारंवार फसवीत. 'ह्यांच्या नादी लागू नये' अशा हेतूने केलेली ती यादी आज जगभरचे हौशी निरीक्षक अगदी उलट हेतूने जवळ बाळगतात.

ह्या कामात ज्या घराण्याने तीन पिढ्या घातल्या, ते हर्शल घराणे. आजोबा विल्यम हर्शल मूळचे हॅनोव्हरचे. इंग्लंडात बाथ शहरी प्रार्थनामंदिरात ऑर्गन वाजविणे आणि मुलांना संगीत शिकविणे हा त्यांचा चरितार्थ. रात्री मात्र हा वादक स्वतः घासलेल्या आरशांच्या दुर्बिणी आकाशाकडे लावी. त्या काळी दुर्बिणीचा आरसा तांबे आणि कथील ह्यांच्या मिश्रणाचा ओतीत असत. १७८१ च्या ऑगस्टात त्यांनी राहत्या घराच्या तळघरात तीन फुटी आरसा ओतण्याचा घाट घातला. साचा होता घोड्याच्या लिदीचा; ती कुटण्याचे आणि चाळण्याचे काम बहीण कॅरोलिन करीत असे. पहिला आरसा निवताना तडकला. दुसऱ्या खेपेस तापलेला रस भट्टीतून निसटून फरशीवर वाहिला. फरशीचे दगड फुटून छतापर्यंत उडाले आणि सर्व मंडळी जीव घेऊन बाहेर पळाली. उद्यमबागेतील ओतकाम करणाऱ्यांस हे वाचून हसू येईल. ओल्या जमिनीवर वा दगडावर रस सांडला तर काय होते, हे त्यांना कोणी सांगावयास नको. एवढे होऊनही विल्यम हर्शल थांबले नाहीत. त्यांनी आणि कॅरोलिनने मिळून अडीच हजार तेजोमेघ व तारकागुच्छ नोंदविले.

पण तेजोमेघ म्हणजे काय? आरंभी त्यांचे मत असे की, हे सर्व दूरदूरचे ताऱ्यांचे समूहच असावेत. कृत्तिकेचा पुंज मंददृष्टीच्या माणसास धुक्यासारखा दिसतो आणि दृष्टी चांगली असल्यास त्यात सहा-सात तारे मोजता येतात. तद्वत अधिक मोठी दुर्बीण लाभली की सारेच धुके ताऱ्यांत विरून जाईल. पुढे १७९० च्या नोव्हेंबरात त्यांना एक तारा असा दिसला की, त्याच्याभोवती धूसर तेजाचे वलय होते, आणि ते वलय काही केल्या ताऱ्यांचे मानता येईना. तेव्हा त्या निरीक्षकाने आपले जुने मत सोडले: आकाशात खरोखरीचे तेजस्वी वायुरूप द्रव्यही असले पाहिजे. मात्र हे सिद्ध कसे करावे, ह्याचे साधन त्यांच्यापाशी नव्हते.

ते साधन १८६४ मध्ये लंडनच्या विल्यम हगिन्सने वापरले. हा गृहस्थ कापडाच्या पिढीजात धंद्यातून मोकळा होऊन ताऱ्यांकडे वळलेला. २९ ऑगस्टच्या रात्री त्याने उत्तर आकाशातील एका तेजोमेघाचा प्रकाश वर्णपटदर्शकातून पाहिला. सलग पट्टा कोठेच नव्हता. हिरव्या भागात एक तेजस्वी रेघ, जवळच दोन-एक फिकट रेघा, एवढेच. अर्थात तो वायू होता. मृगातील तेजोमेघाचीही तीच साक्ष मिळाली. परंतु देवयानीतील प्रसिद्ध तेजोमेघाचा वर्णपट मात्र सलग आला, ताऱ्यांसारखा. म्हणजे एकाच नावाखाली दोन अगदी भिन्न जाती नांदत होत्या. त्याच वर्षांत रोमचे येशूसंघीय फादर आंजेलो सेक्की हे चार हजारांवर ताऱ्यांचे वर्णपट तपासून त्यांची वर्गवारी लावीत होते, हेही आमच्या वाचकांनी ध्यानात ठेवण्याजोगे आहे.

आता जमखंडीकडे वळू. इंग्लंडातून दक्षिण आकाशाचा मोठा भाग क्षितिजाखालीच राहतो. तो पाहण्यासाठी विल्यमचे चिरंजीव जॉन हर्शल १८३४ ते १८३८ पर्यंत आफ्रिकेच्या दक्षिण टोकास जाऊन राहिले आणि तेथून त्यांनी सुमारे १७०० तेजोमेघ व तारकागुच्छ नोंदविले. त्या मुक्कामात, १८३७ साली, त्यांना जो मुलगा झाला, त्याचेही नाव जॉन. हा नातू हिंदुस्थानात सैन्याच्या अभियंता दलात लेफ्टनंट होता आणि जमीन-मोजणीच्या कामावर होता. १८६८ मध्ये रॉयल सोसायटीने त्याच्याकडे दुर्बीण व वर्णपटदर्शक पाठविला. बापाने ज्या आकाशाची यादी केली होती, त्याच आकाशातील तेजोमेघांचे वर्णपट मुलाने बंगलोरहून पाहिले, आणि हगिन्सने उत्तरेकडे सांगितलेला भेद दक्षिणेकडेही खरा असल्याचे त्यास आढळले: काही तेजोमेघ वायूचे, तर काहींचा प्रकाश सलग.

त्याच वर्षी १८ ऑगस्ट रोजी खग्रास सूर्यग्रहण होते आणि त्याचा पट्टा आपल्या भागातून जात होता. लेफ्टनंट हर्शलने आपली साधने जमखंडीस, पटवर्धनांच्या संस्थानात, नेऊन मांडली. पावसाळ्याचे दिवस; ढग क्षणाक्षणाला आड येत होते. वर्षभराची तयारी पाच-सहा मिनिटांवर अवलंबून, आणि ती मिनिटेही ढगांच्या हाती! सुदैवाने मध्ये उघडीप मिळाली. सूर्याच्या कडेवर जे तांबूस ज्वालांचे उंचवटे दिसतात, त्यांवर त्याने दुर्बीण रोखली. तांबडी, नारिंगी व निळी अशा तीन ठळक रेघा दिसल्या; सलग पट्ट्याचा मागमूस नव्हता. सूर्याच्या ज्वाला वायूच्या आहेत, हे त्या दिवशी गुंटूर, जमखंडी आदी ठिकाणच्या निरीक्षकांनी स्वतंत्रपणे निश्चित केले. (ह्या लेफ्टनंटचे वडील बंधू बंगालमध्ये मुलकी अधिकारी होते. १८५८ मध्ये त्यांनी एका कंत्राटदाराकडून करारावर हाताचा ठसा उमटवून घेतला. अंगठ्याच्या ठशाची आजची पद्धत त्यातूनच वाढत आली. एक भाऊ माणसांचे ठसे घेई, दुसरा तेजोमेघांचे, असे म्हणावयास हरकत नाही.)

येथे एका प्रचलित समजुतीविषयी लिहिणे प्राप्त आहे. हेलियम वायूचा शोध नॉर्मन लॉकियर ह्यांनी १८६८ साली कोकणातील विजयदुर्ग किल्ल्यावरून लावला, असे पुष्कळदा ऐकू येते. हे खरे नव्हे. १८६८ मध्ये लॉकियर इंग्लंडातच होते आणि त्यांनी ऑक्टोबरात, ग्रहणाविनाच, सूर्यज्वालांची ती पिवळी-नारिंगी रेघ तपासली. विजयदुर्गास ते आले ते २२ जानेवारी १८९८ च्या ग्रहणासाठी. 'साहेबाचे कट्टे' म्हणून तेथे जे दाखवितात, ते त्या वेळचे. किल्ल्याचे महत्त्व त्याने कमी होत नाही; पण जमखंडीत जे खरोखर घडले, ते विसरावे आणि जे घडले नाही त्याचा उत्सव करावा, हे आम्हास बरे वाटत नाही.

ह्याच लॉकियर ह्यांच्या नावाशी पुण्याचा प्रसंग जोडलेला आहे. कावसजी दादाभाई नायगमवाला हे मुंबईचे पारशी गृहस्थ, एल्फिन्स्टन कॉलेजात भौतिकशास्त्राचे अध्यापक. भावनगरचे महाराज तख्तसिंहजी ह्यांनी त्यांना पाच हजार रुपयांची देणगी दिली, सरकारने तितकीच भर घातली. १८८४ मध्ये नायगमवाला इंग्लंडात गेले आणि तेथे लॉकियर प्रभृतींचा सल्ला घेऊन त्यांनी ठरविले की, साधी प्रयोगशाळा न उभारता ताऱ्यांचे वर्णपट पाहणारी वेधशाळाच उभारावी. ती पुण्याच्या सायन्स कॉलेजच्या आवारात १८८८ मध्ये उभी राहिली. तिची परावर्तक दुर्बीण त्या वेळी देशातील सर्वांत मोठी होती.

त्या दिवसांत लॉकियर ह्यांचा एक सिद्धांत गाजत होता. तेजोमेघ म्हणजे उल्कापाषाणांचे थवे; हे पाषाण एकमेकांवर आदळून तापतात आणि त्यामुळे तेजोमेघ प्रकाशतो. ह्यास पुरावा कोणता? तर ती हिरवी रेघ. उल्कापाषाणांत मॅग्नेशियम असते, आणि जळत्या मॅग्नेशियमच्या प्रकाशातही अगदी त्याच ठिकाणी हिरवी खूण उमटते. उद्यमबागेच्या भट्टीपाशी जो झोत आम्ही पाहिला, त्याच्याच प्रकाशातील ही खूण! दोहोंच्या जागा इतक्या जवळ की सहज फसगत व्हावी. तथापि एक भेद होता. मॅग्नेशियमची खूण ही नीट रेघ नसून पट्टी असते. तिची एक कड रेखीव असते, तर दुसरी बाजू हळूहळू विरत जाते. तेजोमेघाची रेघही एका बाजूस विरत असेल तर लॉकियर ह्यांचे म्हणणे ग्राह्य. दोन्ही बाजूंनी रेखीव असेल तर अग्राह्य. हगिन्सचा लॉकियर ह्यांस विरोध होता, दोन्ही पक्ष मातबर होते, आणि वाद कडवट झाला होता.

पुण्याच्या स्वच्छ हिवाळी आकाशात मृग उंचावर येतो. लंडनच्या धुराड्यांतून तो पाहण्यापेक्षा येथून पाहणे कितीतरी सुकर. नायगमवाला ह्यांनी मृगातील तेजोमेघ निरनिराळ्या प्रकारे तपासला. फट अरुंद करून पाहिली, रुंद करून पाहिली. प्रत्येक वेळी रेघ दोन्ही कडांस रेखीवच. १८९१ मध्ये त्यांनी लंडनच्या रॉयल ॲस्ट्रॉनॉमिकल सोसायटीच्या नियतकालिकात तसे प्रसिद्ध केले. ज्या थोर माणसाच्या सल्ल्याचा आपल्याला लाभ झाला, त्याच्याच लाडक्या सिद्धांताविरुद्ध हा निष्कर्ष जात होता. परतंत्र देशातील एका कॉलेजातल्या अध्यापकास हे लिहून धाडणे सोपे गेले असेल, असे आम्हास वाटत नाही. परंतु डोळ्यांनी जे पाहिले तेच त्यांनी लिहिले. अमेरिकेतील अचूक मापनांनीही लवकरच तोच निर्णय दिला.

१८९८ च्या ग्रहणाच्या वेळी लॉकियर विजयदुर्गावर असताना नायगमवाला आपली स्वतंत्र तुकडी घेऊन सोलापूर जिल्ह्यातील जेऊरला होते. १९१२ मध्ये ते निवृत्त झाले आणि त्यांच्यामागे वेधशाळा बंद पडली; तिची साधने कोडाईकनालला गेली. एका माणसावर उभी असलेली संस्था त्या माणसाबरोबरच मिटली. आपल्याकडे ही हकीकत पुष्कळ संस्थांची आहे.

रेघ मॅग्नेशियमची नव्हे, मग कशाची? पृथ्वीवरील कोणत्याच मूलद्रव्याची ती दिसेना, म्हणून 'नेब्युलियम' नावाचे एक नवेच मूलद्रव्य कल्पिण्यात आले. उलगडा झाला १९२७ मध्ये. आयरा बोवेन ह्या अमेरिकन शास्त्रज्ञाने गणिताने दाखविले की, ही रेघ साध्या प्राणवायूची आहे. मात्र त्याच्या अणूतील दोन इलेक्ट्रॉन निघून गेलेले असतात. असा अणू हा हिरवा प्रकाश टाकण्यापूर्वी सरासरी अर्धे मिनिट तरी स्वस्थ राहावा लागतो. आपल्या हवेत अणूला ती स्वस्थता कोठली? सेकंदाला कोट्यवधी वेळा त्याला धक्के बसतात. मृगातील तेजोमेघ मात्र इतका विरळ आहे की लहानशा फाशाएवढ्या जागेत काही हजार अणूच असतात. ज्या वायूने आपण श्वास घेतो, तोच तेथे अनोळखी वेष घेऊन बसला होता आणि साठांहून अधिक वर्षे जगातील विद्वानांना ओळख देत नव्हता.

देवयानीच्या सलग वर्णपटाचे कोडेही त्याच सुमारास सुटले. एडविन हबल ह्यांना १९२३ मध्ये तेथे एक तेजोबदल करणारा तारा सापडला आणि त्यावरून अंतर काढता आले. तो तेजोमेघ नव्हेच. आपल्या आकाशगंगेसारखी, कोट्यवधी ताऱ्यांची ती स्वतंत्र दीर्घिका आहे, आणि आजच्या मापाने ती २५ लाख प्रकाशवर्षे दूर आहे. मृगातील तेजोमेघ केवळ १३०० प्रकाशवर्षांवर, म्हणजे त्या मानाने आपल्या अंगणातलाच.

पुण्यात मृगाकडे पाहणारी ती वेधशाळा गेली तरी पुण्याचे नाव ह्या शास्त्रातून पुसले गेले नाही. निपाणीपासून जवळच्या कोल्हापुरात १९३८ साली जन्मलेले जयंत नारळीकर ह्यांनी १९८८ मध्ये तेथे आयुका ही संस्था उभी केली. २०२५ मध्ये ते निवर्तले, पण संस्था चालू आहे. तेथील संशोधकांनी इतरांच्या साहाय्याने २०१७ मध्ये दीर्घिकांच्या समूहांचा एक प्रचंड संघ शोधल्याचे जाहीर केले आणि त्यास 'सरस्वती' हे नाव दिले. तो सुमारे ४०० कोटी प्रकाशवर्षे दूर आहे आणि त्याचा विस्तार ६० कोटी प्रकाशवर्षांचा आहे. त्यातील दीर्घिकांची अंतरे कशी ठरविली? वर्णपटांच्या रेघा आपल्या जागेवरून किती सरकल्या आहेत, हे मोजून.

ज्या वाचकांना हे स्वतः पाहावयाचे असेल, त्यांनी जानेवारी-फेब्रुवारीत अमावास्येच्या आसपास, रात्री आठ-नऊच्या सुमारास, कारखान्यांच्या दिव्यांपासून दूर जावे. येळ्ळूरच्या राजहंसगडाच्या बाजूचे एखादे शेत चालेल. विजेरी विझवून दहा-पंधरा मिनिटे डोळे अंधारास सरावू द्यावेत. नंतर मृगाच्या बाणाखालील ओळीवर कोणतीही साधी द्विनेत्री दुर्बीण लावावी. धुरकट पंखासारखा पसरलेला तेजोमेघ स्पष्ट दिसेल. एप्रिल-मे महिन्यांत रात्री दक्षिण क्षितिजाच्या थोडे वर नरतुरंगातील मोठा तारकागुच्छही ह्याच दुर्बिणीने सापडतो. इंग्लंडातील निरीक्षकांना तो घरी बसून कधीच दिसत नाही. मृगातील हिरवा रंग मात्र कोणी शोधू नये. इतक्या मंद उजेडात माणसाच्या डोळ्यास रंग फारसे कळत नाहीत. तेजोमेघ राखेसारखा करडाच दिसेल.